तिथीवरून भरती-ओहोटी काढणारे अजून कोणी आहेत का?

खाडीकाठचा
मागच्या महिन्यात ऑफिसातल्या सहा जणांना घेऊन अलिबागला गेलो होतो. कुलाबा किल्ल्यात चालतच जायचं, असा सगळ्यांचा हट्ट. मोबाईलवर बघितलं तर ओहोटी दुपारी बाराच्या सुमारास. म्हटलं उत्तम. तरी खात्रीसाठी बाबांना फोन केला. बाबा चौऱ्याहत्तर वर्षांचे, सगळा जन्म तांडेलकीत, म्हणजे मासेमारीची बोट हाकण्यात गेला, आता बोट भाऊ बघतो.

त्यांनी आधी विचारलं, "आज तिथी काय?"
मी म्हटलं, "मला काय माहीत."
पलीकडून खुर्ची सरकल्याचा आवाज आला. कॅलेंडरपाशी गेले असणार. "अष्टमी. येल तुजी बरोबर हाय, पन पानी उतरनार नाय. भांग हाय आज."

मी हसलो. ओहोटी म्हटल्यावर पाणी उतरणारच की.

बारा वाजता आम्ही सात जण हातात बूट धरून मांडीभर पाण्यात उभे. आमच्या टीम लीडने पाकीट दातांत धरलं होतं, त्यामुळे त्याला शिव्याही देता येईनात. शेवटी घोडागाडी केली, जाताना आणि येताना.

रात्री घरी जेवायला बसल्यावर बाबांनी हिशेब सांगितला. तिथीची पाऊणपट करायची, ती भरतीची वेळ. चतुर्थी असेल तर तीन वाजता. अष्टमीला सहा वाजता. दिवसा तीच आणि रात्रीही साधारण तीच. त्यात सहा तास मिळवले की ओहोटी. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण, पाणी खूप चढतं आणि खूप उतरतं. अष्टमीच्या आसपास भांग, पाणी धड चढत नाही आणि धड उतरतही नाही. नंतर ॲप नीट बघितलं, तर वेळेच्या शेजारी बारीक अक्षरात १.९ मीटर लिहिलेलं होतंच. आम्ही वेळ वाचली, मीटर कोण वाचतो!

तर विचारायचं होतं ते असं. तुमच्या किनाऱ्यावर ही पाऊणपट चालते का? आणि पन्नाशीच्या आतलं कोणी अजून असा हिशेब करतं का?

चिंबोरी_१०१
बाबांचा नंबर द्या. ॲप काढून टाकतो.

गणितमास्तर
हिशेब पक्का आहे, फक्त थोडा लंगडा आहे. चंद्रामुळे भरती रोज सरासरी पन्नास मिनिटं मागे सरकते. पंधरा तिथींत ती बारा तास फिरून पुन्हा जागेवर येते, म्हणजे एका तिथीला अठ्ठेचाळीस मिनिटं. आपल्या लोकांनी तोंडी हिशेबाला सोपी म्हणून पंचेचाळीस धरली. त्यामुळे पौर्णिमेला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा येते आणि दुसऱ्या दिवशी प्रतिपदेला एकदम पाऊण वाजतो. मधली पाऊण मिनिटांची नाही, पाऊण तासाची चूक कोणी विचारत नाही, कारण जाळं टाकणाऱ्याला अर्धा तास इकडेतिकडे चालतो.

आणखी एक. हे पन्नास मिनिटांचं सरकणंही रोज सारखं नसतं. उधाणाच्या दिवसांत कमी, भांगाच्या दिवसांत जास्त. म्हणून अष्टमी-नवमीच्या आसपास पाऊणपट सगळ्यात जास्त चुकते.

मालवणी_वडो
मास्तरांनू, आमच्या मालवणात ह्यो हिशोब चलाचो नाय. आमची भरती मुंबईपेक्षा तासभर तरी आदी. भरतीची लाट दक्षिणेकडून वर सरकता, मगे ती तुमच्याकडे उशिरा पोचता. आणि तुमचो दर्या उधाणाक चार-पाच मीटर वरखाली होता, आमचो फार तर दोन. त्यामुळे 'पाणी उतरनार नाय' ह्या वाक्याचा आमका काय ता अप्रूप नाय.

रापणीक तिथीपेक्षा वारो आणि पाण्याचो रंग महत्त्वाचो. वाळयेत उभो रव्हान माणूस नुसतो बघता, खंय काळवंडला तां. मगे होडी जाळां घेवन अर्धगोल मारून येता आणि दोन्ही टोकांची दोरी गावान ओढूची. वाटो सगळ्यांका. शाळेतून घराक जाताना दोरयेक हात लावलंस तरी चार बांगडे मिळत.

तिरकसराव
आला. 'आमच्या पूर्वजांना सगळं ठाऊक होतं' या मालिकेतला पुढचा धागा आला.

मुंबईत अपोलो बंदरावर १८७८ पासून पाण्याची पातळी यंत्राने मोजली जाते. छापील भरती-कोष्टकं मिळतात. आजोबांनी बोटं मोजून जे काढलं त्यात पाऊण तासाची चूक आहे, हे मास्तरांनी वर दाखवलंच. मग कौतुक कशाचं? ॲपनेही मीटर दिलेच होते. वाचता आले नाहीत हा ॲपचा दोष कसा?

खाडीकाठचा
@तिरकसराव, दोष माझाच आहे, तसं लिहिलंही आहे. कौतुक एवढंच की बाबांनी वेळेची चौकशीच केली नाही. त्यांनी पाणी किती हे आधी सांगितलं. मला तो प्रश्न आहे हेच माहीत नव्हतं.

अर्नाळ्याची_सून
मी साताऱ्याची. लग्न करून अर्नाळ्याला आले तेव्हा समुद्र फक्त सहलीत पाहिलेला. पहिल्याच आठवड्यात सासूबाई म्हणाल्या, "आता चार दिवस भांग हाय, सगले घरान असतील." मला वाटलं होळी जवळ आली. दीर अजून चिडवतो.

आमच्याकडे डोल जाळी. डोल म्हणजे भली मोठी पिशवी, तोंड रुंद आणि मागे निमुळती. ती समुद्रात खुंटांना बांधून ठेवायची आणि वाहतं पाणीच मासे आत ढकलतं. आपण माशाच्या मागे जायचं नाही. म्हणजे पाण्याला ओढ नसेल तर जाळं नुसतं लोंबकळतं. भांगाला ओढ नसते, म्हणून बोटी किनाऱ्याला. तिथी हा आमच्याकडे धार्मिक विषय नाही, पगारपत्रक आहे.

भांगाच्या दिवसांत काय काय होतं ते ऐका. जाळी शिवणं, डॉक्टर, बँक, पाहुणे, दारू आणि भांडणं. माझ्या नणंदेच्या लग्नाची तारीख धरताना भटजींनी तीन मुहूर्त काढले. सासरे म्हणाले, "ह्यातला भांगात कुठला येतो त्यो धरा." उधाणातला मुहूर्त धरला असता तर अर्धी वरात समुद्रात असती.

आणि तिरकसराव, तुमच्या माहितीसाठी, तिथी सगळ्यात पक्की सासूबाईंना. त्या कधी बोटीवर गेल्या नाहीत. पण परवा बाजारात टोपलीत काय असेल, बोंबील सुकवायला वलांडी मोकळी लागेल की नाही, मीठ आणायचं का, हे सगळं त्यावर. पुरुष विसरले तरी त्या विसरत नाहीत.

चिंबोरी_१०१
"पगारपत्रक आहे". हे वाक्य माझ्याकडून विकत घेतलं असं समजा.

मिरकरवाडा_एक्सप्रेस
आमच्या रत्नागिरीच्या घरात पंचांग कधीच नव्हतं. आजोबा दालदी, म्हणजे कोकणी मुसलमान, मासेमारीतलेच. ते चांदची तारीख धरायचे. चांद दिसला की पहिली, मग चांदच्या तारखेची पाऊणपट, बस्स. चुकल्याचं मला तरी आठवत नाही. शेजारचे खारवी काका तिथी मोजायचे. बंदरावर दोघांची वेळ जवळपास सारखी यायची आणि दोघंही म्हणायचे की दुसऱ्याने आपल्याकडून उचललीय.

गणितमास्तर
@मिरकरवाडा, हे फार झकास आहे. चांद दिसतो तो बहुधा द्वितीयेच्या संध्याकाळी. म्हणजे चांदची तारीख तिथीपेक्षा एक-दोनाने मागे. त्यामुळे उत्तर तासभर लवकरचं येणार. आणि रत्नागिरीची भरती मुंबईपेक्षा पाऊण-एक तास लवकरच असते! तुमच्या आजोबांची पाऊणपट तुमच्या बंदरासाठी नेमकी बसलेली होती. खारवी काकांना मात्र मनातल्या मनात तासभर वजा करावा लागत असणार. उचलली कोणी, ते आता तुम्हीच ठरवा.

मिरकरवाडा_एक्सप्रेस
हे आजोबांना सांगायला हवं होतं. काकांना मुळीच सांगणार नाही.

खवय्या_नंबर_एक
विषयांतराबद्दल क्षमस्व, पण बोंबील कुरकुरीत व्हायला पाटा-वरवंट्याखाली किती वेळ ठेवायचे? आमचे कढईत विरघळतात.

अर्नाळ्याची_सून
अर्धा तास. कपड्यात गुंडाळून, वर वरवंटा. आणि तांदळाचं पीठ लावा, रवा नको.

मालवणी_वडो
रवोच होयो.

खवय्या_नंबर_एक
रव्याला एक मत माझंही.

अर्नाळ्याची_सून
या धाग्यावर डोल कोणाच्या घरी आहे, रवेवाल्यांच्या की माझ्या?

वरळीचा_विनू
तिथीवरून आठवलं. वरळी कोळीवाड्याच्या बोटी क्लीव्हलँड बंदरातून बाहेर पडतात. सागरी रस्त्याच्या पुलाच्या दोन खांबांमधलं अंतर ६० मीटर ठेवणार होते. कागदावर ६० मीटर म्हणजे ऐसपैस वाटतं. साहेब लोक विचारायचे, तुमची बोट किती रुंद? अरे, बोटीची रुंदी विचारून काय करता! ओहोटीची ओढ एका बाजूने, पावसाळ्याच्या तोंडावरचा वारा दुसऱ्या बाजूने, समोरून एक बोट परत येतेय आणि खांबाशी पाणी भोवरा खातंय, अशा वेळी बोट सरळ रेषेत चालत नाही, तिरकी सरकत जाते. ती किती सरकते हे उधाण आहे की भांग त्यावर. हे समजावण्यात काही वर्षं गेली. शेवटी २०२२ च्या अखेरीस एक खांब वगळून अंतर १२० मीटर करायचं मान्य झालं. आमची मागणी त्याहून जास्त होती, ते असो.

मुद्दा काय, तर त्या बैठकांत आमची म्हातारी मंडळी तिथी सांगून बोलायची आणि पलीकडचे तारीख सांगून. अर्धा वेळ त्यातच जायचा.

पुणेरी_छत्री
अशा बैठकांना आमच्याकडे 'चर्चा सकारात्मक झाली' म्हणतात.

तिरकसराव
विनूचा मुद्दा मान्य. पण मूळ शंका तशीच आहे. पंचांगात वादळ येत नाही. या आत्मविश्वासापायी लोक हवामान खात्याचा इशारा ऐकत नाहीत, हेही लिहा की कोणीतरी.

हर्णैचा_पक्या
मी लिहितो.

११ नोव्हेंबर २००९, फयान वादळ. मी दहावीत होतो. दिवाळी होऊन गेलेली, आकाश स्वच्छ, पाऊस संपला असं सगळ्यांनी मनात धरलेलं. तिथीने दशमीच्या आसपास, पाणी शांत असायचे दिवस. काका आणि त्यांचे पाच खलाशी आदल्या दिवशी गेले होते. तेव्हा लहान बोटींवर वायरलेस असायचाच असं नाही आणि खोल पाण्यात मोबाईलला रेंज कुठली. इशारा आला असेलही, तो किनाऱ्यावरच्या लोकांना मिळाला. समुद्रातल्याला कोण सांगणार?

काकू पडवीत बसून होती. तिने बत्ती लावून ठेवली होती. वीज नव्हतीच. दुसऱ्या दिवशी दुपारी काकांची बोट आली, इंजिन बंद, दुसऱ्या बोटीने ओढत आणलेली. आमच्या वाडीतल्या सगळ्या बोटी आल्या नाहीत. त्याबद्दल इथे लिहीत नाही.

काका आजही तिथी बघतात. पण त्यानंतर त्यांनी वायरलेस घेतला आणि २०२० ला निसर्ग वादळाच्या वेळी, ३ जूनला, वाडीतली एकही बोट पाण्यात नव्हती. पावसाळी मासेमारी बंदीचे दिवस होते हा एक भाग, पण बोटी आदल्या दिवशीच खाडीत खूप आत नेऊन बांधल्या होत्या, नारळीला दुहेरी दोरांनी. तिरकसराव, दोन्ही गोष्टी एकाच माणसाच्या डोक्यात राहू शकतात.

तिरकसराव
पक्या, मान्य. शब्द मागे घेतो.

पुणेरी_छत्री
संपादकांनी या प्रतिसादाची नोंद घ्यावी. तिरकसरावांनी काहीतरी मागे घेतल्याची ही पहिलीच वेळ.

सातपाटीचा_पोरगा
बंदीचा विषय निघालाच आहे तर बोलतो. १ जून ते ३१ जुलै, एकसष्ट दिवस. आमच्या आजोबांच्या काळात सरकारी तारीख कोणी बघत नव्हतं, नारळी पौर्णिमेला नारळ वाहिला की बोट पाण्यात. ती पौर्णिमा दरवर्षी हलते. २०२५ ला ८ ऑगस्टला होती. २०२३ ला अधिक श्रावण आला आणि ती गेली थेट ३० ऑगस्टला. आता १ ऑगस्टला बंदी उठली की सगळे पळतात. समुद्र खवळलेला असो, पापलेट तळहाताएवढं असो. २०२३ मध्येच पापलेटला राज्यमासा केलं. राज्यमासा केला म्हणजे तो मोठा होईपर्यंत थांबायचं असतं ना? आमच्यातले बरेच जण म्हणतात बंदी नारळी पौर्णिमेपर्यंत वाढवा.

मिरकरवाडा_एक्सप्रेस
@सातपाटीचा_पोरगा, आणि ज्याचं घर हप्त्यावर चालतं त्याने ३० ऑगस्टपर्यंत काय खायचं? बोटीच्या कर्जाला अधिक श्रावण नसतो. आमच्याकडे खलाशी बाहेरून येतात, त्यांना आगाऊ रक्कम द्यावी लागते. एकसष्ट दिवसांतच जीव जातो.

सातपाटीचा_पोरगा
ते खरं आहे. पण लहान पापलेट पकडून तो हप्ता किती वर्षं फेडणार?

मालवणी_वडो
दोघांय भांडा नकात. हय आमी बंदी पाळतव आणि बंदी उठल्यावर एलईडीवाले रातचे दिवे लावन येतत, सगळां म्हावरां एका जाग्यार गोळा करून नेतत. २०१७ पासून केंद्राची बंदी आसा त्या दिव्यांवर. किनाऱ्यावरसून रातची लायटी मोजूक येतत. सणाची रोषणाई कशी.

चिंबोरी_१०१
नारळी पौर्णिमेबद्दल एक जुनी शंका. पौर्णिमा म्हणजे बाबांच्या हिशेबाने भरती दुपारी सव्वाअकरा-बाराला. मग संध्याकाळी सहाला तर ओहोटी! आपण वाजतगाजत सोन्याचा नारळ घेऊन जातो तेव्हा समुद्र निघून गेलेला असतो?

अर्नाळ्याची_सून
अगदी! आणि उधाणाची ओहोटी, म्हणजे लांबवर गेलेला. पहिल्या वर्षी नऊवारी नेसून, दागिने घालून चिखलातून चालताना मला कोणी हे सांगितलं नव्हतं. सासूबाई माझ्यापुढे सरसर चालत होत्या, वहाणा आधीच घरी ठेवून आलेल्या. मी विचारलं, भरतीच्या वेळेला का नाही जात? म्हणाल्या, "तो आपल्याकडे रोज येते. एक दिवस आपुन जावं."

पुणेरी_छत्री
हे वाचून चहा थंड झाला.

चिंबोरी_१०१
आणि मुलं ते वाहिलेले नारळ पाण्यात उडी मारून परत आणतात, त्याचं काय?

अर्नाळ्याची_सून
त्याचा नारळीभात होतो. त्याच रात्री.

सान_फ्रान्सिस्कोकर
इथे पाऊणपट लावून बघितली. पार आपटली. आमच्याकडे दिवसाच्या दोन भरत्या सारख्या उंचीच्या नसतात, एक मोठी आणि एक किरटी. बायको म्हणते, पॅसिफिकला मराठी येत नाही.

गणितमास्तर
बरोबर आहे त्यांचं. प्रत्येक बंदराची आकडेमोड वेगळी. इशाऱ्यांची आणि मासे कुठे मिळतील त्याची माहिती देणारी आपली इन्कॉइस संस्थाही बंदरनिहाय आकडे देते. आता गंमत बघा, समुद्राची ही संस्था आहे हैदराबादला.

तिरकसराव
हैदराबादला भरती कितीला असते?

मालवणी_वडो
बिर्याणी संपली काय ओहोटी.

खाडीकाठचा
सगळ्यांचे आभार. हा धागा मी परवा घरी गेलो तेव्हा बाबांना वाचून दाखवला. फयानचा प्रतिसाद त्यांनी दोनदा वाचायला लावला आणि काही बोलले नाहीत. रत्नागिरीच्या आजोबांच्या हिशेबावर मात्र बराच वेळ बोटं मोजत बसले. मग म्हणाले, "बरोबर हाय त्यांचा."

नंतर विचारलं, "त्या फोनात पानी किती उतरतं तेपन लिवतात?" मी मीटर दाखवले. चष्मा लावून त्यांनी पंधरा दिवसांचे सगळे आकडे पाहिले, प्रत्येकाला "हां", "हां". एका ठिकाणी थांबले. "ह्यो चुकलाय." मी म्हटलं, बाबा, ते मशीनने काढलेलं असतं. तर म्हणाले, "त्या दिसाला दक्षिनेचा वारा धरला तं पानी चढतंच थोडा. मशीनला काय ठावं वारा कुठला येनार."

आता रोज सकाळी सातला त्यांचा फोन येतो. "आज किती मीटर?" मी सांगतो. मग दुपारी पुन्हा फोन, बाबा जेट्टीवर जाऊन पायऱ्या मोजून आलेले असतात. कालचा निकाल : ॲप बरोबर, बाबा नाराज.

हर्णैचा_पक्या
जेट्टीच्या पायऱ्या! काका पण तेच करतात. शेवाळाची रेघ कुठवर ते बघतात.

पुणेरी_छत्री
ते सगळं ठीक, पण किल्ल्यात चालत जायचं राहिलंच की तुमचं. या रविवारी जमेल का? पुण्यातून चार-पाच जण येऊ.

खाडीकाठचा
रविवारी तिथी काय?

पुणेरी_छत्री
त्रयोदशी.

चिंबोरी_१०१
थांबा, मला करू दे. तेराची पाऊणपट, पावणेदहा. अधिक सहा. पावणेचारला ओहोटी. आणि पौर्णिमा जवळ, म्हणजे पाणी चांगलं उतरणार. बरोबर?

खाडीकाठचा
बाबांना विचारलं. म्हणाले, तीनलाच निघा, पाचच्या आत परत या, आणि त्या पाकीटवाल्याला पिशवी आणायला सांगा.